नावावरची खपली

सुई चालू झाली तेव्हा धाकट्याने थोरलीचं मनगट लाकडी पेटीवर दाबून धरलं होतं.

"एवढं दाबू नका, शिरा फुगतात," सुईवाला म्हणाला.

"तू लिही. हलली तर मी आहे."

आठवडी बाजाराचा दिवस होता. एका अंगाला दोरखंड आणि बादल्यांचं दुकान, दुसऱ्या अंगाला चपला शिवणारा, आणि मधे छत्रीखाली सुईवाल्याचं गोंदणाचं मशीन बॅटरीवर गुरगुरत होतं. बघे जमले होते. एक बाई दुसरीला म्हणाली, "रडत पण नाही गं ही." थोरली खरंच रडत नव्हती. नवरा जाऊन आठ महिने झाले होते. वखारीत मिरचीच्या पोत्यांची थप्पी कोसळली आणि तो खाली सापडला. पोती उपसून बाहेर काढला तेव्हा त्याच्या नाकातोंडात लाल भुकटी भरलेली होती. भला माणूस होता. त्याचं नाव हातावर घ्यायला तिची ना नव्हती. कुणी विचारलं असतं तर तिने आपणहून हात पुढे केला असता. पण विचारलं कुणी नव्हतं. सकाळी धाकटा दीर म्हणाला, "वहिनी, चला बाजारात," आणि तिथे आल्यावर त्याने तिचा दंड धरला.

कारण घरात सगळ्यांना ठाऊक होतं. दोन एकर रान, त्यातला नवऱ्याच्या वाटणीचा एक एकर तिच्या नावावर चढला होता. थोरली तिशीचीसुद्धा नव्हती. उद्या हिने कुणाचा हात धरला तर तो माणूस आपल्या बांधावर येऊन उभा राहील, ही धाकट्याच्या पोटातली भीती. "नाव असलेल्या हाताला दुसरा कोणी हात लावत नाही," तो आईला म्हणाला होता.

ती म्हातारी मागे पिशवी छातीशी धरून उभी होती. तिचं कारण वेगळं होतं. तिच्याकडे थोरल्या लेकाचा एक फोटोसुद्धा नव्हता.

चार अक्षरं झाली, मनगटापासून कोपराच्या अलीकडेपर्यंत. सुईवाल्याने फडक्याने रक्त टिपलं. म्हातारी वाकून बघू लागली. तिला वाचता येत नव्हतं, थोरलीलाही येत नव्हतं.

"बरोबर लिहिलंय ना रे?"

"सख्ख्या भावाचं नाव मला येत नाही होय?" धाकटा म्हणाला.

सुईवाला हात पुसत सांगू लागला, "आठ दिवस धूळ नको, ऊन नको, घाम नको. तिखटाचा हात तर अजिबात नको. खाज सुटेल, पण नखं लावायची नाहीत."

"आठ दिवस मग मी पलंगावर लोळते," थोरली म्हणाली. "तेवढं वखारीच्या मालकाला जाऊन सांगा."

बघे हसले. धाकटा हसला नाही.

दुसऱ्या दिवशी ती वखारीत गेली.

वखार म्हणजे पत्र्याची लांबलचक शेड. आत वाळलेल्या मिरचीचे पुरुषभर उंचीचे ढीग, आणि ढिगांच्या पायथ्याशी तरटावर बसलेल्या तीस-बत्तीस बाया. मिरची उचलायची, देठ मोडायचा, देठ मागे, मिरची पुढच्या घमेल्यात. दिवसभर तेच. बाया तोंडाला फडकं बांधत, हाताला तेल चोळत, तरी दुपारपर्यंत बोटं हाडापर्यंत पेटत. अंगावर पाजणारी बाई घरी जाताना तीनदा हात घासायची आणि तरीही आधी दुसऱ्या कुणाकडून पदर बाजूला करून घ्यायची. डोळ्याला हात लावायचा नाही, हे पहिल्या दिवशी शिकवलं जायचं. दुसऱ्या दिवशी कुणाला शिकवावं लागत नसे.

थोरलीच्या शेजारी शिंकरी बसायची. वीस वर्षं याच वखारीत काढली, पण शिंका काही थांबल्या नाहीत, म्हणून हे नाव.

"दाखव बघू," शिंकरी म्हणाली. थोरलीने बाही वर केली. अक्षरांच्या कडा उसळल्यासारख्या फुगल्या होत्या आणि त्यावर लाल धूळ बसली होती. "अगं बाई! हे नाव लिहिलंय की चटके दिलेत?"

"दिराची हौस."

"दिराची हौस होती तर स्वतःच्या पाठीवर गोंदवून घ्यायचं. पाठ चांगली रुंद आहे मेल्याची." शिंकरीला शिंक आली, एकामागून एक चार. नाक पुसून ती म्हणाली, "माझ्या नवऱ्याने सांगितलं असतं ना हातावर नाव घे म्हणून, तर मी म्हटलं असतं, आधी नावाला जागण्यासारखं काही कर."

दुपारपर्यंत थोरलीला हसू येईनासं झालं. घाम कोपरातून उतरून अक्षरांवर येत होता आणि येताना तिखट घेऊन येत होता. आधी मुंग्या, मग सुया, मग कुणी तापलेला तवा टेकवावा तशी आग. ती बोटांच्या मागच्या बाजूने हात घासायची, बोटांनी घासायची सोय नव्हती. एकदा विसरून नख लागलं. ती तोंडात पदर कोंबून तशीच बसून राहिली.

काट्यावर पोती तोलणारा माणूस हे दुरून बघत होता. सगळे त्याला काटेवाला म्हणत. चाळिशीचा, एकटा, बोलायला जड. तो उठून आला आणि म्हणाला, "बाई, तुम्ही तिकडे पोती शिवायला बसा. तिथे धूळ कमी. सांगतो मी मालकांना." मग आपल्या डब्याभोवतीचं धुतलेलं फडकं सोडून त्याने तिच्या पुढ्यात ठेवलं. "हे ओलं करून बांधा. माझ्या हाताला तिखट नाही, पण मी बांधलं तर बरं दिसायचं नाही."

"राहू दे, मी बांधते," ती म्हणाली. तिने एक टोक दातात धरून बांधलं.

घरी आल्यावर म्हातारी दारातच पाण्याचं भांडं घेऊन बसलेली असायची. थोरली सासूला आत्या म्हणायची. आत्या फडकं सोडायची, कोमट पाणी धारेने सोडायची, मग खोबरेल तेलाचं बोट अक्षरांवरून फिरवायची. हे करताना ती थोरलीकडे बघत नसे, फक्त हाताकडे बघे.

"खाजवलंस?"

"नाही."

"खरं सांग."

"एकदा लागलं नख."

"माझा लेक आहे तिथे," म्हातारी म्हणाली. "सांभाळ."

"हात माझा आहे, आत्या."

म्हातारीने तेलाचं बोट थांबवलं. मग पुन्हा फिरवू लागली.

पाचव्या दिवशी हात कोपरापर्यंत सुजला. अक्षरांवर जाड पिवळट खपल्या धरल्या आणि त्यांच्या फटीतून पाणी झिरपू लागलं. दोघी सरकारी दवाखान्यात गेल्या. नर्सबाईने हात उलटासुलटा करून पाहिला.

"कामाला कुठे जाता?"

"मिरचीत."

"मग काय विचारायचं! ओल्या जखमेला रोज तिखटाची फोडणी." तिने गोळ्या दिल्या, मलमाची ट्यूब दिली. "दिवसातून दोनदा साबणाने धुवा, कोरडं करा, पातळ मलम लावा. हे तेल चोपडलंय ना, ते बंद. खपली ओढायची नाही, आपणहून पडू द्यायची. ओढलीत तर शाईसुद्धा तिच्याबरोबर येते. आणि मिरचीपासून लांब राहायचं."

"मिरचीपासून लांब राहिलं तर चुलीपासूनही लांब राहावं लागेल, बाई."

नर्सबाईने पुढच्या पेशंटला हाक मारली.

सातव्या दिवशी वखारीत ते घडलं. थोरली पोत्यांची तोंडं शिवत बसली होती. खाज इतकी वाढली होती की दाभण पोत्यात घालताना ते आपल्याच हातात घालावं असं तिला वाटत होतं. दुसऱ्या हाताने एकटीला फडकं नीट बांधता येईना. ते दोनदा सुटलं. तिसऱ्यांदा काटेवाला समोर उकिडवा बसला आणि त्याने गाठ मारून दिली.

धाकटा त्याच वखारीत हमाल होता. पाठीवर पोतं घेऊन तो ट्रककडे निघाला होता. त्याने ते पाहिलं. त्याने पोतं जिथल्या तिथे सोडलं. पोत्यात रुतवायचा लोखंडी हूक त्याच्या मुठीत होताच.

काटेवाला उठत होता. अर्धा उठला असताना हूक त्याच्या कानामागे बसला आणि ओढला गेला. कान वरून सुटून खाली लोंबला. काटेवाला ओरडला नाही, "अरे, अरे" एवढंच म्हणत दोन्ही हात डोक्यावर धरून खाली बसला. धाकट्याने हूक टाकून लाथा घालायला सुरुवात केली. बरगडीत, तोंडावर, परत बरगडीत.

"माझ्या भावाचं नाव आहे त्याच्यावर! वाचता येतं ना तुला? वाच! वाच की!"

काटेवाला मिरचीच्या ढिगात पडला. फुटलेल्या ओठात, फाटलेल्या कानात तिखट गेलं तेव्हा मात्र तो ओरडला. शेडमधल्या सगळ्या बाया उठून उभ्या राहिल्या, पण पुढे कोणी झालं नाही. थोरली मधे पडली तेव्हा धाकट्याने तिला कोपराने छातीत ढकललं. ती काट्याच्या लोखंडी पायावर आदळली. शेवटी दोन हमालांनी धाकट्याला मागून कवळ्यात धरलं.

मालक केबिनमधून बाहेर आला. त्याने आधी ढिगाकडे पाहिलं.

"रक्ताचा माल वेगळा काढा," तो म्हणाला. "आणि याला घरी सोडा कोणीतरी."

काटेवाला दुसऱ्या दिवशी आला नाही, नंतरही आला नाही. त्याची खोली रिकामी झाली असं शिंकरीने सांगितलं. काट्यावर नवा माणूस बसला. धाकट्याला मालकाने एका शब्दाने विचारलं नाही. सहा पोती एका दमात चढवणारा हमाल रोज मिळत नाही.

मारामारी झाली त्याच संध्याकाळी घरी धाकट्याने थोरलीच्या हातावरचं फडकं ओढून काढलं. खपल्यांचा एक तुकडा फडक्याला चिकटून आला. पहिलं अक्षर अर्धं पुसट झालं होतं.

"खाजवून घालवतेस होय? दादाला घालवतेस?"

"भाऊजी, हात पिकलाय. दिसत नाही का तुम्हाला?"

त्याने पायातली चप्पल काढली आणि तिच्या तोंडावर मारली. मग पाठीवर, मांड्यांवर. ती भिंतीशी गोळा होऊन बसली, दुखरा हात पोटाखाली घेऊन. म्हातारी "पुरे रे, पुरे" म्हणत होती, पण उंबऱ्यावरून हलत नव्हती. मारून दमल्यावर धाकटा पाणी प्यायला आणि बाहेर गेला.

थोरली सरळ बसली. मग तिने हात मांडीवर घेतला आणि दुसऱ्या अक्षरावरची खपली नखाने कडेपासून उचलली. सावकाश, भाकरी तव्यावरून सोडवावी तशी. कातडी ताणली, रक्त आलं, खपली सुटली. खालच्या ओल्या मांसात निळा रंग फार थोडा राहिला होता. नवऱ्यावर तिचा राग नव्हता. पण मनगट दाबणारी पाच बोटं अजून त्या अक्षरांवरच होती.

म्हातारीने ते पाहिलं. ती आली आणि तिने थोरलीच्या गालात ठेवून दिली. चपलेने आधीच फुटलेल्या गालावर.

"मारा," थोरली म्हणाली. "तुमचाच राहिला होता."

म्हातारी तिथेच खाली बसली. नुसतीच मान हलत राहिली.

दोन दिवसांनी दुपारी थोरलीला वखारीतच हुडहुडी भरली. शिंकरी म्हणाली, "घरी जा, तुझी राहिलेली पोती मी शिवते." ती पाय ओढत घरी आली तर अंगणात सुईवाला बसलेला, शेजारी त्याची पेटी, आणि धाकटा उभा.

"पुन्हा करून घ्यायचंय," धाकटा म्हणाला. "जाड अक्षरात. खरवडून निघणार नाही असं."

सुईवाल्याने फडकं बाजूला केलं आणि तोंड फिरवलं. "हे नाही होत. आत पू आहे. सुई घातली तर विष अंगभर चढेल. हात तोडायची पाळी येईल."

"तुला लिहायला आणलंय, वैदकी करायला नाही."

"नाही जमायचं, दादा. मी सुई चालवतो, मढी पाडत नाही." तो पेटी बंद करू लागला. धाकट्याने त्याला खांद्याला धरून मागे लोटला आणि मशीन उचललं.

"चार अक्षरं मलाही लिहिता येतात."

त्याने थोरलीला केस धरून खाली पाडलं. तिचा हात मातीवर पसरवला आणि मनगटावर गुडघा रोवला. खपल्या फुटल्या. पिवळं-लाल पाणी मातीत पसरलं. थोरली किंचाळली तशी शेजारच्या छपराखालची कुत्री पळाली. मशीन गुरगुरू लागलं. त्याने सुई टेकवली ती अक्षराला नाही, कशालाच नाही, नुसती आत गेली.

तिचा दुसरा हात मोकळा होता. सकाळपासून त्या हाताने पोती शिवली होती, मिरची भरली होती, तो धुतलेला नव्हता. तिने पाची बोटं धाकट्याच्या डोळ्यांत घातली. नुसती लावली नाहीत. आत घातली आणि पिळली.

धाकट्याच्या तोंडून निघाला तो आवाज माणसाचा नव्हता. मशीन हातातून सुटलं. पण त्याने थोरलीला सोडलं नाही. आंधळ्या हातांनी चाचपत त्याने तिचा गळा शोधला आणि दोन्ही अंगठे दाबले. ती टाचा घासू लागली. सुईवाला पेटी सोडून पळाला होता.

म्हातारी कोपऱ्यातलं मुसळ घेऊन आली. तिला ते धड उचलत नव्हतं. तिने ते दोन्ही हातांनी वर नेलं आणि धाकट्याच्या खांद्यावर सोडलं. हाड मोडल्याचा आवाज झाला. तिने परत उचललं.

"त्याच्या नावावर गुडघा देतोस?" ती ओरडली. "एक गेला तो गेला, आता हिलाही मारतोस? सोड! सोड तिला, नाहीतर आज तुझ्याही नावाने मी रडेन!"

दुसरा घाव पाठीत बसला. अंगठे सुटले.

त्यानंतर म्हातारीने मुसळ भिंतीला नीट टेकवून ठेवलं, हंडा ओढून आणला आणि लेकाचं डोकं मांडीवर घेऊन त्याच्या डोळ्यांत पाणी सोडत बसली. एक हंडा, दुसरा हंडा. "उघड, राजा, उघड डोळे," म्हणत होती. थोरली हात-गुडघे टेकून खोकत होती. तिच्याकडे म्हातारीने पाहिलं नाही. लेक तोही होताच.

थोरली उठली, फडकं उचललं आणि एकटीच चालत दवाखान्यात गेली. नर्सबाईने डॉक्टरांना बोलावलं. त्यांनी हात चिरला, दोन वाट्या पू काढला, मेलेलं कातडं कात्रीने कापलं. ती नऊ दिवस तिथे होती. शिंकरी रोज जेवणाच्या सुट्टीत धापा टाकत यायची. तिने बातमी आणली की धाकट्याचा उजवा डोळा वाचला, डाव्यावर दुधासारखा पडदा आला. खांदा बांधलाय, पोतं काही महिने उचलता येणार नाही.

"गावात काय म्हणतात?"

"दोन्ही म्हणतात. कोणी म्हणतं बाई की चेटकीण, कोणी म्हणतं बरं झालं. मी म्हटलं, तिखट हाताच्या बाईच्या छातीवर बसायचं म्हणजे डोळे घरी ठेवून यायचं."

हातावरचं फडकं सुटलं तेव्हा अक्षरं नव्हती. गुलाबी, चुणीदार कातडी होती आणि कोपराजवळ एक निळा काना उरला होता. थोरली तो अंगठ्याने दाबून बसली. मग तिला रडू आलं, नवरा गेल्यावर आलं नव्हतं तसं, आवाज करून. भला माणूस होता. असा जायला नको होता, दोन्ही वेळा.

ती घरी गेली नाही. शिंकरीकडून फावडं आणि घमेलं मागून ती रानात गेली. कडेला अवजारं ठेवायचं छप्पर होतं, तिथे राहिली. दोन एकरांच्या मधे कधी बांध नव्हता, भावांना लागला नव्हता. मोजणीवाल्याने रोवलेले दोन दगड तेवढे होते. तिने दोरी ताणली आणि दगडापासून दगडापर्यंत माती चढवायला सुरुवात केली. दुखऱ्या हाताने फावडं धरवत नसे, म्हणून ती दांडा काखेत दाबून माती ओढायची. तीन दिवसांत बारा पावलं बांध झाला.

चौथ्या दिवशी सकाळी धाकटा आला. एक हात गळ्यात बांधलेला, एका डोळ्यावर पट्टी, मोकळ्या हातात फावडं. मागून वीसेक पावलांवर म्हातारी येत होती, धापा टाकत. तो बांधाच्या पहिल्या टोकाला उभा राहिला आणि एका हाताने माती पसरू लागला. थोरली दुसऱ्या टोकाला चढवत होती, तो या टोकाला पाडत होता. दोघांमधे अंतर कमी कमी होत गेलं. थोरलीने फावड्याची पकड बदलली, पातं वर केलं. त्यानेही केलं.

म्हातारी दोघांच्या मधे आली. कुणाकडे जाते ते कळेना. ती ताणलेल्या दोरीपाशी थांबली, लुगडं आवरलं आणि दोरीवरच फतकल घालून बसली.

"आई, ऊठ."

"नाही उठत."

"ऊठ म्हणतो ना! लागेल."

"लागू दे. मुसळाचं उट्टं राहिलंय तुझं, काढ." तिने पाय लांब केले, एक या रानात, एक त्या रानात. उजवा डोळा गळत असलेल्या लेकाकडे तिने पाहिलं आणि तिचं तोंड वाकडं झालं, पण ती हलली नाही.

धाकटा फावडं वर धरून उभा राहिला. मग त्याने ते खाली टेकवलं.

म्हातारी मान न वळवता म्हणाली, "तू का थांबलीस गं? चढव माती."

"तुम्ही मधे बसलाय, आत्या."

"मग माझ्या बाजूने चढव."

थोरलीने फावडं मातीत घातलं. पहिली रास म्हातारीच्या पाठीशी पडली. म्हातारीने हात मागे नेऊन ती थापून घट्ट केली.